माफी कोर्टाला, गडगा काकीला

आमच्या काकीच्या मागीलदारापासून बावीपर्यंतची, म्हणजे विहिरीपर्यंतची, वाट पंच्याऐंशी पावलांची. शाळेत असताना मे महिन्याच्या सुट्टीत मी ती कितीदा तरी मोजली आहे. पहिली चाळीसेक पावलं आमच्या आवारातून, पुढची शेजाऱ्याच्या कलमांच्या बागेतून. सातबारा कोणाच्याही नावावर असो, त्या वाटेवरून तीन पिढ्यांच्या बायकांनी कळश्या वाहिल्या आहेत आणि एका उताराच्या जागी पाय पडून पडून कातळ गुळगुळीत झाला आहे. आज त्याच कातळाच्या अलीकडे वाटेत आडवं चिऱ्याचं कंपाऊंड, आमच्याकडचा गडगा, उभं आहे. पाच थरांचं. यंदा पावसात त्याच्या सांध्यांतून नेचे उगवलेत.

काकीला त्या वाटेने जाताना कोणी अडवू नये असा कोर्टाचा हुकूम आहे. सही-शिक्क्याची नक्कल ती प्लास्टिकच्या पिशवीत घालून देवघरातल्या फळीवर ठेवते. बावीवर मात्र ती व्हाळाच्या कडेने साकवावरून लांबचा वळसा घालून जाते. व्हाळ भरला की तेही बंद, मग पुतण्या मोटारसायकलवरून पाण्याचे कॅन आणून देतो.

हे कसं झालं ते थोडक्यात सांगतो. काकीने तालुक्याच्या कोर्टात दावा लावला. निशाणी पाचच्या, म्हणजे तात्पुरत्या मनाईच्या, अर्जावर तूर्तातूर्त मनाई मिळाली: निकाल लागेपर्यंत वाट अडवायची नाही. मनाई झाली तेव्हा चिऱ्याचे दोनच थर चढले होते. पुढच्या पंधरवड्यात उरलेले तीन चढले. वकिलांनी आज्ञाभंगाचा अर्ज टाकला. बऱ्याच तारखा पडल्यावर एके दिवशी शेजारी उभा राहिला, हात जोडले आणि प्रतिज्ञापत्र दिलं: न्यायालयाविषयी मला नितांत आदर आहे, झाल्या गोष्टीची बिनशर्त माफी मागतो. माफी स्वीकारली गेली, अर्ज निकाली निघाला. गडग्याचं काय करायचं ते मूळ दाव्यात बघू, असं ठरलं.

त्या दिवशी मी कोर्टात होतो. माफीचा कागद देताना शेजाऱ्याने एकदाही काकीकडे पाहिलं नाही. त्याचं तोंड सारा वेळ डायसकडे होतं. काकी शेवटच्या बाकावर पिशवी मांडीवर घेऊन बसली होती. बाहेर आल्यावर एसटी स्टँडपर्यंत ती काही बोलली नाही. गाडीत बसल्यावर म्हणाली, “कोर्टान सांगल्यान ता खरा, पण गडगो खंय हललो?”

पुढे ती मूळ दावा जिंकली, शेजाऱ्याचं अपील फेटाळलं गेलं, कायमची मनाई मिळाली. गडगा अजून तिथंच आहे.

त्या दिवशी माफी जिची मागायला हवी होती ती शेवटच्या बाकावर बसली होती. कोर्टाचा आदेश न पाळणं म्हणजे न्यायाधीशाचा अपमान, अशी आपली समजूत झाली आहे. मला ती मुळातच चुकीची वाटते, आणि आदेश वर्षानुवर्षं कागदावर राहतात त्यात तिचा मोठा वाटा आहे असं माझं ठाम मत आहे.

न्यायालय अवमान कायदा १९७१ चा. त्यात अवमानाचे दोन प्रकार केले आहेत. न्यायालयाची बदनामी करणं, चालू कामकाजात ढवळाढवळ करणं हा फौजदारी अवमान. न्यायालयाचा निवाडा, हुकूमनामा, निर्देश किंवा आदेश हेतुपुरस्सर न पाळणं, किंवा न्यायालयाला दिलेली हमी हेतुपुरस्सर मोडणं हा दिवाणी अवमान. दोन्हींत जमीन-अस्मानाचा फरक आहे. पहिल्यात न्यायसंस्थेच्या प्रतिष्ठेचा प्रश्न असतो. दुसऱ्यात एखाद्या माणसाच्या वाटेचा, पगाराचा, घराच्या ताब्याचा, मुलाच्या भेटीचा प्रश्न असतो. पण दोन्हींना आपण एकच शब्द लावला: अवमान. गावात तर सरळ ‘कोर्टाची बेअदबी’ म्हणतात. एकदा बेअदबी म्हटलं की पुढचं सगळं आपोआप ठरतं. बेअदबी झाली कोणाची? न्यायाधीशांची. मग माफी कोणाची मागायची? त्यांचीच. त्यांनी मोठ्या मनाने माफ केलं की प्रकरण मिटलं. ज्याच्या हक्कावर घाला पडला तो या सगळ्यात कुठेच नाही.

कायद्यात माफीची तरतूद आहे, आणि ती असायलाही हवी. माणसं चुकतात. पण न्यायालयाचं समाधान होईल अशी माफी असेल तरच शिक्षा माफ करता येते, असं कायदा म्हणतो. आता मला सांगा, ज्याच्या हातून चूक घडली आहे आणि ती दुरुस्त करणं ज्याच्या हातात आहे, त्याने दुरुस्ती न करता नुसते हात जोडले तर कोणाचं समाधान व्हावं? चोरीचा माल घरात ठेवून कोणी माफी मागितली तर आपण काय म्हणू? माझं म्हणणं एका ओळीचं आहे: आधी आदेशाचं पालन, मग माफीचा विचार. गडगा काढल्याचा पंचनामा आणि फोटो प्रतिज्ञापत्राला जोडलेले नसतील तर माफीचा कागद दाखलच करून घेऊ नये.

वरच्या न्यायालयाने हे ओळखलेलं आहे. २००६ सालचं महाराष्ट्राचंच प्रकरण घ्या. सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाविरुद्ध जाऊन लाकडाच्या गिरण्यांना परवानगी दिली म्हणून, त्या काळात वनमंत्री असलेले स्वरूपसिंग नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना एक महिन्याची साधी कैद झाली. दोघांनीही माफी मागितली होती. ती स्वीकारली गेली नाही. शिक्षेतून सुटण्यासाठी पुढे केलेली माफी हा पश्चात्ताप नव्हे, अशी न्यायालयाची भूमिका होती. त्या वेळी मंत्रालयापासून तालुक्याच्या वनपालापर्यंत सगळ्यांना कळलं असेल की आदेशाच्या कागदाला वजन असतं. वाईट एवढंच वाटतं की असं उदाहरण इतक्या वर्षांमागचं शोधून काढावं लागतं.

शिक्षेबद्दलही बोलायला हवं. जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद आणि दंड जास्तीत जास्त दोन हजार रुपये. दिवाणी अवमानात तर दंड हीच नेहमीची शिक्षा आणि तुरुंग हा अपवाद, असं त्याच कलमात पुढे लिहिलं आहे. हा दोन हजारांचा आकडा १९७१ चाही नाही. तो १९२६ च्या कायद्यात होता, १९५२ च्या कायद्यात तोच आला, १९७१ मध्ये तोच राहिला. जवळजवळ शंभर वर्षं आपण त्याला हात लावलेला नाही. १९२६ मध्ये दोन हजार रुपयांत जमीन यायची. आज त्यात हापूसची एक चांगली पेटी येईल, तीही हंगाम सरताना. विजय मल्ल्या यांनी न्यायालयाचे आदेश डावलून चार कोटी डॉलर मुलांच्या नावे वळवले, तेव्हा २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने चार महिने कैद सुनावली आणि दंड केला दोन हजार रुपये. न्यायालय तरी काय करणार, कायद्यात तेवढाच आकडा आहे. संसदेने हा आकडा काढून त्या जागी ‘आदेश पाळेपर्यंत दर दिवसाला’ अशी आकारणी आणायला हवी. आणि तो पैसा सरकारजमा न करता ज्याच्या बाजूने आदेश आहे त्याला द्यायला हवा. दर दिवशी पाचशे रुपये लागू झाले असते तर काकीच्या शेजाऱ्याने गवंड्याला कधीच बोलावलं असतं.

शेजारी शेजाऱ्याशी असा वागतो ते समजू शकतं, त्यात भाऊबंदकी असते, जुनी खुन्नस असते. पण सरकार स्वतः जेव्हा आदेशाकडे आणि हमीकडे असं बघतं तेव्हा गावातला माणूस तेच शिकतो. मुंबई-गोवा महामार्गाचं उदाहरण आम्हा कोकणातल्या लोकांना वेगळं सांगायला नको. पनवेल ते इंदापूर या ८४ किलोमीटरच्या रुंदीकरणाचं काम २०११ मध्ये सुरू झालं. मुंबई उच्च न्यायालयात जनहित याचिका झाली, खड्ड्यांवर आदेश झाले, काम कधी पूर्ण होईल याच्या मुदती न्यायालयासमोर मांडल्या गेल्या. एक मुदत गेली, दुसरी मिळाली, तीही गेली. दर गणपतीला चाकरमानी त्याच रस्त्याने हाडं खिळखिळी करून घरी येतो. न्यायालयाला दिलेली हमी मोडणं हाही दिवाणी अवमानच आहे, कायद्याच्या व्याख्येतच ते आहे. पण मुदत हुकली की आपल्याकडे नवं प्रतिज्ञापत्र येतं आणि जुनं विसरलं जातं. जुन्या प्रतिज्ञापत्रावर ज्याची सही होती त्याला ‘ही तारीख तू कशाच्या जोरावर दिलीस?’ एवढं जरी विचारलं गेलं असतं, तरी पुढची तारीख देताना हात थबकला असता.

आमच्या दक्षिणेकडे सावंतवाडी-दोडामार्ग पट्ट्यात २०१३ मध्ये उच्च न्यायालयाने वृक्षतोडीला मनाई केली. हा वाघांच्या येण्याजाण्याचा मार्ग आहे. मनाई असताना तिथे झाडं पडत राहिली. मार्च २०२४ मध्ये उच्च न्यायालयाला पुन्हा आदेश द्यावा लागला: २५ गावांचा पट्टा पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील म्हणून जाहीर करा, आणि तोड रोखायला कृतिदल नेमा. मधली अकरा वर्षं कोण भरून देणार? आज्ञाभंगाबद्दल उद्या कोणी मनापासून माफी मागितली तरी किंजळ, नाणा, जांभा ही झाडं पुन्हा उभी राहणार नाहीत. माफीने काहीच परत येत नाही अशा आदेशांत पहिल्याच भंगाला कडक पाऊल उचलायला हवं, कारण तिथे दुसरी संधी नसते.

उलट उदाहरणही आहे. अलिबागजवळ किहीमच्या किनाऱ्यावरचा नीरव मोदींचा बंगला प्रशासनाने ८ मार्च २०१९ रोजी स्फोटकं लावून पाडला. किनाऱ्यावरच्या बेकायदा बंगल्यांची याचिका उच्च न्यायालयात चालू होती आणि न्यायालय जाब विचारत होतं. मालक देशाबाहेर, सगळ्या देशाचं लक्ष तिकडे. मनात आणलं की यंत्रणा, माणसं, बंदोबस्त सगळं जमतं, हे त्या दिवशी दिसलं.

या मांडणीवर आक्षेप घेतले जातात, त्यातले काही मला पटतात. सरकारी अधिकाऱ्याला प्रत्येक वेळी दोष देता येत नाही. अतिक्रमण काढायचा आदेश आहे, पण पोलीस बंदोबस्त मिळत नाही, निधी नाही, मोजणीचा नकाशा आलेला नाही, अशी अडचण खरी असू शकते. म्हणून तर व्याख्येत ‘हेतुपुरस्सर’ हा शब्द आहे, आणि तो तिथे असणं योग्यच आहे. अधिकाऱ्यांना उठसूट कोर्टात उभं करू नये म्हणून सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२४ मध्ये कार्यपद्धती ठरवून दिली, तीही मला योग्य वाटते. साहेबाला तासभर उभं ठेवून आणि त्याच्या कपड्यांवर बोलून कोणाचा गडगा हलत नाही. पण ज्याला खरीच अडचण आहे तो मुदत संपण्याआधी कोर्टात येतो आणि मुदत वाढवून मागतो. मुदत संपेपर्यंत गप्प बसायचं, अवमानाची नोटीस आल्यावर अडचणींची यादी काढायची, याला अडचण म्हणत नाहीत.

अवमानाचा अधिकार कडक झाला तर न्यायाधीशांवर टीका करणंही अवघड होईल, अशी भीती काहींना वाटते. ती फौजदारी अवमानाबद्दल असेल तर मी त्यांच्याच बाजूचा आहे. निकालावर टीका करू द्या, कडक करू द्या, न्यायालयाची प्रतिष्ठा त्याने पडत नाही. प्रतिष्ठा पडते ती जिंकलेली बाई व्हाळाच्या कडेने चिखलातून पाणी आणते तेव्हा. आपल्याकडे नेमकं उलट घडतं: कोणी न्यायाधीशांना बोललं तर केवढा गहजब, आणि आदेश कोणी पाळला नाही तर ‘पुढील तारीख’.

आणखी एक दोष आदेशांचा आहे, आणि तो न्यायालयांनी मनावर घ्यायला हवा. ‘वादीच्या वहिवाटीस प्रतिवादीने हरकत अडथळा करू नये’ एवढंच लिहिलं की पळवाटांना मोकळं रान मिळतं. शेजाऱ्याने मध्यंतरी कंपाऊंडच्या टोकाला दीड हात फट ठेवली आणि वाट दिली म्हणून सांगायला लागला. त्या फटीतून डोक्यावर हंडा घेतलेली बाई तर सोडाच, मोकळी शेळीही आडवी होऊन जाईल. अवमानाच्या कामात न्यायालयाला मूळ आदेशापलीकडे नवीन काही देता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने सांगून ठेवलं आहे. म्हणजे मूळ आदेश जेवढा मोघम, तेवढं पुढचं सगळं लंगडं. वाट किती फूट, कोणत्या खुणेपासून कोणत्या खुणेपर्यंत, मधलं बांधकाम कोणी कोणत्या तारखेपर्यंत काढायचं, न काढल्यास कोणी काढायचं आणि खर्च कोणाचा, हे आदेशातच हवं. आणि कोर्ट कमिशनरचा नकाशा त्याला जोडलेला हवा.

अवमानाचा अधिकार मूळचा वरच्या न्यायालयांकडे आहे. तालुक्याच्या कोर्टाचा अवमान झाला तरी त्याची कारवाई उच्च न्यायालयात; काकीने टाकला तसा तूर्तातूर्त मनाईच्या आज्ञाभंगाचा अर्ज तेवढा त्याच कोर्टात चालतो. ऑगस्ट २०२५ मध्ये कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं, त्यामुळे रत्नागिरी-सिंधुदुर्गच्या माणसाला आता मुंबई गाठावी लागत नाही, ही फार मोठी सोय झाली. तरीही कोल्हापूर म्हणजे घाट चढून एक दिवस, वकिलाची फी, आणि वर एक वर्षाची मुदत: भंग झाल्यापासून वर्षाच्या आत जायला हवं. शिवाय दरखास्तीचा, म्हणजे हुकूमनामा अमलात आणून घेण्याच्या अर्जाचा, मार्ग उघडा असताना अवमानाकडे का आलात, असंही तिथे विचारलं जातं, आणि ते बरोबर आहे. म्हणून जिंकलेल्या माणसाने आधी दरखास्त नीट चालवावी, असं मी वकिलांशी बोलून शिकलो. कायमच्या मनाईच्या हुकूमनाम्याची अंमलबजावणी मागायला मुदतीचं बंधनच नाही. सीपीसीच्या, म्हणजे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या, आदेश २१ च्या नियम ३२ मध्ये जप्ती आहे, दिवाणी तुरुंग आहे, आणि सर्वांत कामाचा पोटनियम पाचवा आहे: प्रतिवादी करत नसेल तर ते काम कोर्ट वादीकडून किंवा नेमलेल्या माणसाकडून करून घेऊ शकतं आणि खर्च प्रतिवादीकडून वसूल करू शकतं. मनाईच्या हुकमालाही हे लागू पडतं असा खुलासा २००२ मध्ये कायद्यातच घातला गेला. म्हणजे शेजाऱ्याला तुरुंगात टाकण्याची गरजच नाही. बेलीफ, गवंडी आणि दोन गडी पुरेत. तरी हा पोटनियम किती कमी वापरला जातो! दावेदाराच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यावर सुरू होतात, असं इंग्रजांच्या काळातलं शेवटचं अपील कोर्ट असलेल्या प्रिव्ही कौन्सिलने १८७२ मध्ये हिंदुस्थानाबद्दल म्हटलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढायला सांगितलं. तोही एक आदेशच आहे, आणि तो न्यायालयांनीच न्यायालयांना पाळून दाखवायचा आहे.

गावाचं काय? आमच्याकडे देवाचा कौल कोणी सहसा मोडत नाही. त्यामागे श्रद्धा आहेच, पण कौल लागतो तेव्हा गाव देवळात उभा असतो, हेही आहे. कोणी काय कबूल केलं ते सगळ्यांनी ऐकलेलं असतं. कोर्टाचा हुकूम दोन पक्षकार आणि दोन वकील यांच्यापलीकडे कोणाला ठाऊक नसतो. म्हणून मग चहाच्या टपरीवर ‘त्यांचा वाद आहे, आपण कशाला पडा’ असं म्हणून मोकळं होता येतं. जमिनीची जप्ती करायची असेल तर जागेवर दवंडी पिटून जाहीर करा आणि ग्रामपंचायतीच्या कार्यालयातही हुकमाची प्रत लावा, असं सीपीसीत आहे. पैशांच्या वसुलीसाठी गाव साक्षीदार चालतो, तर वाटेसाठी का नको? वहिवाटीचा, पाण्याचा, ताब्याचा अंतिम हुकूमनामा ग्रामपंचायतीच्या फलकावर लागला आणि ग्रामसभेत वाचला गेला, तर तो मोडणाऱ्याला रोज गावाच्या तोंडासमोरून जावं लागेल. आमच्या वाडीतल्या किती जणांना माहीत आहे की काकी जिंकली आहे? मी यंदा शिमग्याला विचारत फिरलो. बहुतेकांना वाटत होतं की केस अजून चालू आहे.

दरखास्तीची पुढची तारीख गणपतीनंतर आहे. पोटनियम पाचखालचा अर्ज वकिलांनी दिलेला आहे आणि या वेळी नकाशा सोबत जोडला आहे. काकीने गवंडीही बघून ठेवला. त्याला तिने आधीच बजावलं आहे की चिरे फोडायचे नाहीत, एकेक करून उतरवायचे आणि मोजून शेजाऱ्याच्या आवारात कलमाखाली रचून ठेवायचे, त्याचे आहेत ते.